टेक्सासमधल्या बँडेराला घोड्यावर बसायला जाताय? मग आधी हे वाचा

माथेरानला दस्तुरी नाक्यावरून घोड्यावर बसून हॉटेलपर्यंत गेलेय, महाबळेश्वरला वेण्णा लेकच्या काठाने दोन चकरा मारल्यात, म्हणजे घोडेस्वारी आपल्याला येते असा माझा ठाम समज होता. त्यामुळे टेक्सासमध्ये पहिल्यांदा रँचवर, म्हणजे गुराघोड्यांच्या मोठ्या फार्मवर, गेलो तेव्हा फॉर्मवर ‘घोडेस्वारीचा अनुभव’ असं विचारलं होतं तिथे मी बिनधास्त ‘थोडाफार’ वर टिक केलं. झालं, मला मिळाली एक तरतरीत घोडी. आणि माथेरानला लगाम हातात धरून पुढे चालणारा जो घोडेवाला असतो ना, तो इथे नसतोच, लगाम तुमच्याच हातात! पहिल्याच चढावर बाईसाहेब दुडक्या चालीने सुटल्या, मी खोगिराला दोन्ही हातांनी मिठी मारून ‘अगं थांब, अगं बाई थांब’ असं शुद्ध मराठीत ओरडतेय, आणि मागून नवरा व्हिडिओ काढतोय.

दुसऱ्यांदा गेलो ते आईबाबा इकडे आले होते तेव्हा. या वेळी सगळं नीट विचारून, वाचून गेलो आणि दिवस मस्त गेला. त्यानंतर ओळखीतले चार-पाच जण तेच तेच प्रश्न विचारायला लागले म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतेय.

१. कुठे आणि कधी

मी लिहितेय ते बँडेराबद्दल. सॅन अँटोनियोच्या वायव्येला साधारण ५० मैलांवरचं छोटंसं गाव, मेडिना नदीच्या काठी. गावात शिरतानाच ‘काउबॉयची जागतिक राजधानी’ असं मिरवलेलं दिसेल. नुसतीच जाहिरात नाहीये ती. १८७० च्या दशकात टेक्सासातून गुरांचे मोठमोठे कळप ग्रेट वेस्टर्न ट्रेलने उत्तरेला कॅन्सासमधल्या डॉज सिटीपर्यंत हाकत न्यायचे, त्या वाटेवरचं हे कळप जमवायचं ठिकाण. पुढे रेल्वे आली, माळावर काटेरी तारा पडल्या, गुरं हाकणं संपलं, आणि १९२० नंतर इथल्या रँचवाल्यांनी शहरातल्या पाहुण्यांना ठेवून घ्यायला सुरुवात केली. त्यालाच ड्यूड रँच म्हणतात. ड्यूड म्हणजे तेव्हाच्या भाषेत शहरातून आलेला, नवे कपडे घातलेला, घोड्याचं काही न कळणारा बाबू. म्हणजे आपणच.

यात पहिली गंमत अशी की सगळ्या ड्यूड रँच दिवसभरासाठी येणाऱ्यांना घेत नाहीत, काही फक्त मुक्कामाच्या पाहुण्यांनाच घोडे देतात. वेबसाइटवर ‘डे गेस्ट’ असं दिसलं तरी फोन करून विचारा, कारण आम्ही एका ठिकाणी नुसतं ऑनलाइन बघून निघालो होतो आणि गेटवर कळलं की आज मुक्कामाच्या लोकांनीच सगळे घोडे भरलेत. गावाच्या नैऋत्येला हिल कंट्री स्टेट नॅचरल एरिया आहे, पाच हजार एकरांहून मोठा, आत साधारण ४० मैलांच्या वाटा. ही जमीनही मूळची एका रँचचीच, देणगी देताना अट घातली होती की इथे आधुनिक जगाचा स्पर्श नको. त्यामुळे सोयी अगदी बेताच्या. आजूबाजूचे काही घोडेवाले तिथे गाइडसोबत राइड नेतात.

महिना नीट निवडा. मार्चअखेर ते एप्रिल सगळ्यात छान, ब्लूबॉनेटची निळी फुलं असतात. ऑक्टोबर-नोव्हेंबरही उत्तम. जून ते ऑगस्ट दुपारी ३५ डिग्रीच्या वर सहज जातं, तेव्हा जायचंच असेल तर सकाळची पहिली राइड घ्या. डिसेंबर ते फेब्रुवारी हवा गार आणि छान असते पण तेव्हा इथल्या सीडर झाडांचे पराग उडतात, ज्यांना ॲलर्जी आहे त्यांचं नाक-डोळे दिवसभर गळतात. बाबांना धुळीचा त्रास आहे म्हणून आम्ही एप्रिल धरला.

२. बुकिंग करताना खरं बोला (हेच सगळ्यात महत्त्वाचं)

घोडं सगळं इथेच अडतं. बुकिंगच्या वेळी ते प्रत्येकाचं वय, उंची, वजन आणि अनुभव विचारतात. आपल्याकडे वजन विचारलं की लोक बिचकतात, पाच-सात किलो कमीच सांगतात. इथे तसं करू नका. वजनावरून घोडा ठरतो, उंचीवरून रिकिबीची लांबी. बहुतेक ठिकाणी २२० ते २५० पौंडांची मर्यादा असते, म्हणजे १०० ते ११३ किलोच्या आसपास, आणि काही ठिकाणी चक्क वजनकाटा ठेवलेला असतो. आमच्यासमोर एका काकांना काट्यावर उभं करून नम्रपणे नाही म्हणाले, बायकोमुलं घोड्यावर आणि काका पोर्चमध्ये लेमोनेड पीत. पैसे परत मिळाले की नाही ते विचारायचा धीर नाही झाला.

अनुभवाचं मी वर सांगितलंच. माथेरान, महाबळेश्वर, चौपाटी, लग्नातल्या वरातीची घोडी, यातलं काहीही अनुभवात धरू नका. स्वतः लगाम धरून घोडा वळवलाय, थांबवलाय, पळवलाय का? नसेल तर ‘कधीच नाही’ वर टिक करा. त्यांना त्यात काही कमीपणा वाटत नाही, उलट तुम्हाला एखादा शांत, वयस्कर, शेकडो ड्यूड पाठीवर वाहून कंटाळलेला घोडा मिळतो. आईने फोनवर मला सांगायला लावलं की ‘मला भीती वाटते, गुडघा दुखतो आणि मी ६३ वर्षांची आहे’. तिला पीनट नावाचा असा घोडा मिळाला की तो वाटेत झोपतोय की काय अशी शंका यावी.

मुलांचं वय: गाइडसोबतच्या राइडला बहुतेक ठिकाणी ६ किंवा ७ वर्षं पूर्ण लागतात. त्याहून लहान असतील तर त्यांना कुंपणाच्या आत पोनीवर फिरवतात. गरोदर असाल तर घेतच नाहीत. पाठीचं, मणक्याचं, गुडघ्याचं ऑपरेशन झालं असेल तर आधी डॉक्टरांना विचारा आणि रँचलाही सांगा, लपवून फायदा नाही.

पैशांचं म्हणाल तर एका तासाच्या राइडला माणशी साधारण ५० ते ८० डॉलरच्या घरात धरा. दिवसभराच्या पॅकेजमध्ये राइड, जेवण आणि काउबॉयसारखा दोर फेकायला शिकवणं वगैरे असतं, ते अर्थात जास्त. पहिल्यांदा जाताय तर एक तासाचीच राइड घ्या. हाव करू नका. दोन तासांची घेणाऱ्या नवशिक्यांचे शेवटच्या अर्ध्या तासातले चेहरे मी बघितलेत.

३. कागदपत्रं

यादी छोटीच आहे पण एक-दोन ठिकाणी लोक हमखास फसतात.

• फोटो आयडी, आईवडील भारतातून आले असतील तर त्यांचा पासपोर्ट
• बुकिंगचं कन्फर्मेशन, फोनमध्ये सेव्ह केलेलं (तिथे नेटवर्क मिळेलच असं नाही)
• प्रत्येकाचा सही केलेला वेव्हर
• हेल्थ इन्शुरन्सचं कार्ड
• टिपसाठी सुट्टे डॉलर

वेव्हर म्हणजे ‘काही झालं तर तुमच्यावर केस करणार नाही’ असं लिहून देणं. टेक्सासमध्ये त्यासाठी वेगळा कायदाच आहे, तबेल्यावर मोठी पाटी दिसेल, सिव्हिल प्रॅक्टिस अँड रेमेडीज कोडचं चॅप्टर ८७. थोडक्यात अर्थ असा की जनावराच्या अंगभूत स्वभावामुळे होणाऱ्या इजेला रँचवाला जबाबदार नाही. वाचून घाबरू नका पण वाचा जरूर.

फसायची जागा पहिली: १८ खालच्या मुलांच्या वेव्हरवर त्यांच्या आईवडिलांची किंवा कायदेशीर पालकांचीच सही चालते. आम्ही पहिल्या वेळी लेकीच्या मैत्रिणीला सोबत नेलं होतं, ‘तिची आईच समजा हो मला’ वगैरे सगळं बोलून झालं, ऐकलं नाही. शेवटी तिच्या आईला फोन, लिंक पाठव, तिने ऑफिसच्या मीटिंगमधून ऑनलाइन सही केली तेव्हा पोरगी घोड्यावर बसली. आधीच करून ठेवा.

दुसरी: आईबाबांचा व्हिजिटर इन्शुरन्स. बऱ्याच पॉलिसींमध्ये घोडेस्वारी धोक्याच्या खेळांच्या यादीत टाकलेली असते आणि ती वगळलेली असते, किंवा जास्तीचे पैसे भरून घ्यावी लागते. आमच्या एजंटने ‘सगळं कव्हर आहे’ असं छातीठोक सांगितलं होतं, पॉलिसीची पीडीएफ उघडून बघितली तर बारीक अक्षरात वगळलेल्या यादीत होतंच की. अमेरिकेतलं इमर्जन्सी रूमचं बिल म्हणजे काय असतं ते तुम्हाला मी सांगायला नको.

४. कपडे

लांब जीन्स. उकाडा असला तरी जीन्स. पहिल्या वेळी नवरा शॉर्ट्सवर आला, रिकिबीच्या वर जो चामड्याचा रुंद पट्टा असतो त्याने दोन्ही पिंढऱ्यांची आतली कातडी सोलून निघाली, आठवडाभर ऑफिसला लंगडत जात होता. जीन्सची आतली शिवण फार जाड नसावी, ती मांडीला घासते. फाटकी फॅशनची जीन्सही नको.

आईने विचारलं, सलवार कमीज चालेल का. सलवारीचा घोळ आणि ओढणी दोन्ही अडकतात, म्हणून तिला माझी जीन्स आणि वर कॉटनचा कुर्ता, दोन्ही बाजूंनी चिरलेला, असं घालून नेलं. झकास दिसत होती.

बूट पुढून बंद आणि मागे थोडी टाच असलेले, इंचभर पुरे. टाच कशाला, तर पाय रिकिबीतून आरपार पुढे सरकून अडकू नये म्हणून. पडताना पाय अडकला तर घोडा फरफटत नेतो, घोडेस्वारीतली खरी भीती ती. सँडल, क्रॉक्स, चप्पल घालून गेलात तर सरळ परत पाठवतील. काउबॉय बूट विकत घ्यायची काही गरज नाही, काही ठिकाणी भाड्याने मिळतात.

हेल्मेट मागून घ्या. मोठ्यांना बऱ्याच ठिकाणी सक्ती नसते आणि काउबॉय हॅटमधले फोटो भारी येतात हे मान्य, पण हॅटचे फोटो खाली उभं राहून काढा. सायकलचं हेल्मेट चालत नाही, घोडेस्वारीचं वेगळं असतं.

५. सोबत काय न्यायचं

सनस्क्रीन, पाणी, चेनच्या खिशात मावेल असा फोन. संपलं. पाठीवर बॅग, गळ्यात कॅमेरा, सेल्फी स्टिक यातलं काही घोड्यावर नेऊ देत नाहीत. सुरुवातीला ज्या व्हिडिओचं सांगितलं, तो काढताना फोन नवऱ्याच्या हातातून सटकला आणि मागच्या घोड्याच्या टापेखाली गेला. व्हिडिओ वाचला नाही याचं मला फारसं दुःख नाही.

६. रस्ता

सॅन अँटोनियोहून हायवे १६ ने तासाभरात पोचता, ऑस्टिनहून अडीच तास धरा. ह्यूस्टनवाल्यांनी एक दिवसात जाऊन-येऊन करायचा विचार सोडा, मुक्कामच करा. मॅप आधीच डाउनलोड करून ठेवा. शेवटचे दोन-तीन मैल बऱ्याचदा पांढऱ्या खडीचा रस्ता असतो आणि मध्ये गुरांनी ओलांडू नये म्हणून लोखंडी दांड्यांची जाळी, त्यावरून गाडी खडखडत हळू न्या. वाटेत फाटक लागलं तर नियम एकच, उघडं असेल तर उघडंच ठेवा, बंद असेल तर मागे बंद करून जा. आदल्या रात्री जोराचा पाऊस झाला असेल तर ओढ्यावरचे बुटके पूल पाण्याखाली जातात, या डोंगराळ भागात पूर बघता बघता येतो. पाणी घोट्याएवढंच दिसलं तरी गाडी घालू नका, मागे फिरा, राइड पुढच्या आठवड्यात होईल.

राइडच्या वेळेआधी अर्धा-पाऊण तास पोचायचं. उशीर झाला तर घोडे थांबत नाहीत, पैसेही परत मिळत नाहीत.

७. घोड्याशी ओळख आणि वर चढणं

गाइडला तिथे रँग्लर म्हणतात. तो नाव पुकारेल आणि तुमचा घोडा दाखवेल. बरेच घोडे क्वार्टर हॉर्स जातीचे असतात, पाव मैलाच्या शर्यतीत जोरात पळणारे म्हणून हे नाव, अंगाने भरीव, स्वभावाने समजूतदार. घोड्याला डोळे बाजूला असल्यामुळे बरोबर मागचं आणि नाकासमोरचं त्याला दिसत नाही. म्हणून मागून जायचं नाही, बाजूने, खांद्याच्या दिशेने, काहीतरी बोलत बोलत जायचं. मराठीत बोललात तरी चालतं. आधी मानेवर हात ठेवा, लगेच तोंडाला हात लावायला जाऊ नका.

चढायचं डाव्या बाजूने. लाकडी पायऱ्यांचा ओटा असतो, तो वापरा, सिनेमासारखं जमिनीवरून उडी मारायला जाऊ नका, त्यात घोड्याच्या पाठीलाही त्रास होतो. डावा पाय रिकिबीत, उजवा पाय घोड्याच्या पुठ्ठ्याला लाथ न लागता वरून पलीकडे, आणि खाली हळूच बसायचं, धपकन नाही. वेस्टर्न खोगिराला पुढे एक मूठ असते, हॉर्न म्हणतात. गुरं पकडताना काउबॉय त्याला दोर गुंडाळतात. आपल्याला ते भीती वाटली की धरायला.

आता एक गोष्ट जी मला कोणी सांगितली नव्हती. खोगिराचा तंग, म्हणजे पोटाखालून बांधायचा पट्टा, आवळताना काही घोडे पोट फुगवून धरतात, लबाड असतात. थोडं चाललं की पोट आत जातं आणि तंग सैल पडतो. म्हणून चांगला रँग्लर निघायच्या आधी किंवा पाच-दहा मिनिटांनी सगळ्यांचे तंग परत तपासतो. त्याने नाही तपासले आणि खोगीर एका बाजूला कलतंय असं वाटलं तर लाजू नका, मोठ्याने सांगा.

८. वाटेवर

लगाम एका हातात, हॉर्नच्या थोडं वर. डावीकडे वळायचं तर हात डावीकडे न्या, उजवा दोर मानेला टेकला की घोडा वळतो. सायकलच्या हँडलसारखं ओढायचं नाही. थांबवायचं तर अंग किंचित मागे, तोंडाने ‘व्हो’, लगाम हळू मागे, आणि थांबला की लगेच ढील द्या. नवशिके काय करतात की लगाम ताणलेलाच ठेवतात आणि वर टाचेने ढोसतात, म्हणजे एकाच वेळी ब्रेक आणि ॲक्सिलरेटर, बिचाऱ्याने करायचं काय.

टाचा खाली, नजर समोर. चढाला अंग पुढे, उताराला मागे. पुढच्या घोड्यापासून एका घोड्याएवढं अंतर ठेवा, फार जवळ गेलात तर पुढचा लाथ मारू शकतो, फार मागे राहिलात तर तुमचा घोडा अंतर भरून काढायला दुडकायला लागतो. माझं पहिल्या वेळी हेच झालं होतं, हे मला दुसऱ्या वेळी कळलं! मी निवांत देखावा बघत मागे राहिले होते आणि घोडीला तिच्या मैत्रिणीजवळ जायचं होतं.

घोडा वाटेत गवत खायला मान खाली घालेल. एकदा खाऊ दिलंत की संपलं, मग तो दर दहा पावलांवर थांबणार, त्यामुळे पहिल्याच वेळी लगाम वर ओढून पुढे हाका. दया दाखवू नका, सकाळी पोटभर खाऊन आलेला असतो. घोडा मुतायला थांबला तर तेव्हा मात्र हाकू नका, रिकिबीत जरा उभं राहून त्याच्या पाठीवरचा भार कमी करा.

आणि पाणी. मेडिना नदी ओलांडताना बाबांचा घोडा मध्येच थांबून पुढच्या पायाने पाणी उडवायला लागला, सपक सपक. आम्ही सगळे ‘अय्या, खेळतोय बघा’ म्हणून हसतोय तेवढ्यात रँग्लर मागून ओरडली, ‘किक हिम, सर, किक हिम!’ कारण घोडा पायाने पाणी खणायला लागला म्हणजे तो आता लोळणार. तुमच्यासकट. बाबांनी आयुष्यात कोणाला लाथ मारली नसेल, त्यांनी आधी ‘सॉरी हं’ म्हटलं आणि मग टाच मारली. निघाला पुढे, बाबांचे बूट घोट्यापर्यंत भिजून.

बाकी वाट सुंदर असते, चुनखडीचे पांढरे कडे, ओकची झाडं, निवडुंग, हरणं हमखास दिसतात. सीडरच्या फांद्या तोंडावर येतात तेव्हा मागच्याला ओरडून सांगा आणि फांदी हाताने धरून ठेवू नका, सोडली की मागच्याच्या थोबाडात बसते.

९. जेवण

शाकाहारी लोकांनो, हे नीट वाचा. रँच म्हणजे गुरांचा धंदा, जेवण म्हणजे ब्रिस्केट (गाईच्या छातीकडचं मांस), सॉसेज, बीफ. बुकिंग करतानाच शाकाहारी किती ते सांगा आणि परत फोन करून आठवण द्या. खरी फसगत होते ती बीन्समध्ये. दिसतो आपला राजमा, पण इथल्या बीन्समध्ये बेकन (डुकराचं मांस) किंवा ब्रिस्केटचे तुकडे सर्रास असतात. हिरव्या शेंगांच्या भाजीतही. टॉर्टियात, म्हणजे इथल्या पोळीत, कधी कधी लार्ड म्हणजे डुकराची चरबी असते. ‘व्हेज आहे का’ एवढं विचारून भागत नाही, ‘यात बेकन, लार्ड, बीफ आहे का’ असं नाव घेऊन विचारा. आईसाठी आम्ही दशम्या, शेंगदाण्याची चटणी नेली होती, भाजलेलं कणीस आणि कोलस्लॉ तिथलं घेतलं. स्वयंपाकघरातल्या बाईंनी चटणी चाखून पुन्हा मागितली.

१०. उतरल्यावर

उतरताना दोन्ही पाय रिकिबीतून सुटल्याची खात्री करून मग हळू घसरा आणि खाली आल्यावर पाच सेकंद खोगीर धरून उभे राहा, गुडघे लोण्यासारखे होतात, बरेच लोक इथेच पडतात. रँग्लरला टिप द्या, राइडच्या पैशांच्या १५ ते २० टक्के, रोख असेल तर उत्तम. आमची रँग्लर पहाटेपासून खरारा करून घोडे तयार करत होती असं म्हणाली.

घरी आलात की गोचीड बघा, सॉक्सच्या कडेला, गुडघ्यामागे, मुलांच्या केसांत. मग गरम पाण्याने अंघोळ. दुसऱ्या दिवशी मांड्यांच्या आतल्या बाजूला असं काही दुखतं की तिथे स्नायू आहेत हेच आपल्याला माहीत नसतं. त्यामुळे दुसऱ्या दिवशी विमान, थीम पार्क असलं काही ठेवू नका. आमच्याकडे आई सकाळी जिना उलटा उतरत होती, कठड्याला धरून, एकेक पायरी, आणि खालून बाबा तिला ‘टाचा खाली, नजर समोर’ असं सांगत होते.